धक्क्यावरचा ठिपका

६ जून, गुरुवार

हिमेनाने ही वही आणून टेबलावर आपटली. म्हणाली, डोक्यातलं इथे ओक, रोज आमच्या डोक्यावर नको. हिमेना आमची प्रोग्रामर. माझा भागीदार रुबेन गेल्यापासून स्टुडिओत ती आणि मी असे दोघेच उरलोय, त्यामुळे ‘आमच्या’ म्हणजे तिच्या एकटीच्या.

तर ओकतो. आमचा कॉम्प्युटरवरचा खेळ ‘पैलतीर’ चोवीस ऑगस्टला बाहेर पडायलाच हवा. तारीख रुबेननेच ठरवली होती. त्या रात्री अख्खा उरुग्वे जुनी गाणी लावून नाचतो, सगळ्यांना जुन्याचा उमाळा आलेला असतो, तेव्हाच आपला खेळ लोकांच्या हातात द्यायचा. प्रकाशकांनी ती तारीख उचलून धरली आणि आता सोडायला तयार नाहीत. तारीख चुकली तर ते हात काढून घेतील. मग या दोन खोल्या आणि तीन वर्षं पाण्यात.

खेळ साधा आहे. बापाचं घर विकायला माणूस बेटावर परत येतो. पहिल्याच दृश्यात बोटीचा धक्का, धक्क्याला नाव, नावेत म्हातारा नावाडी. नावेत बसायचं आणि पलीकडे जायचं. लहान पोरालाही कळेल.

रुबेन जानेवारीत गेला. इथल्या भर उन्हाळ्यात, बसथांब्यावर, हातात कलिंगड. अडतीस वर्षांचा होता.

१३ जून, गुरुवार

गुरुवारी दुपारी आमच्या पालेर्मो वस्तीतली शेजारपाजारची माणसं येऊन खेळून बघतात. खाली चावी बनवणाऱ्याची बायको, फार्मसीतला पोरगा, निवृत्त पोस्टमन, आणखी दोनतीन जण. आम्ही बिस्किटं ठेवतो, ते आपापला येर्बाच्या कडू चहाचा थर्मास बगलेत मारून येतात. मार्चपासून रुबेनची आईही येते. दोन्या नेलिदा, म्हणजे नेलिदाबाई. आयुष्यात कधी खेळाला हात लावला नव्हता बाईने. घर खायला उठत असेल म्हणून येत असावी. रुबेनच्या खुर्चीत स्वतःची उशी टाकून बसते, हेडफोन लावते आणि कोणाला त्रास देत नाही. पत्ते खेळत असेल त्या मशीनवर, खेळेना का.

मी आतल्या खोलीत असतो. खेळ बनवणारा पाठीशी उभा राहिला की माणसं बुजतात, हा आमच्यातला जुना नियम. दुसरा नियम रुबेनचा: खेळणाऱ्यांची नावं नोंदवायची नाहीत. माणसाचं नाव कळलं की आपण सबब शोधतो, “हा म्हाताराच आहे, ही नवखीच आहे.” नुसता ठिपका दिसला की आपण खेळ सुधारतो. म्हणून आमच्या नकाशावर फक्त लाल ठिपके असतात. जिथे माणूस जास्त वेळ अडकतो तिथे ठिपका मोठा होतो.

जाताना दोन्या नेलिदाने टेबलावर पास्कुआलिना ठेवली, पालेभाजी भरलेली आणि वर कणकेचं झाकण. मी विचारलं, जमतंय का? म्हणाली, “जमतंय बाळा. छान चाललंय.” मला तिच्या डोळ्यांकडे बघवत नाही. तेच डोळे आहेत.

१४ जून

धक्क्यावर हा एवढा मोठा ठिपका. कोणीतरी काल तासभर धक्क्यावरच उभं होतं. नाव समोर असताना!

२० जून, गुरुवार

पुन्हा तेच. मग मी ती खेळी नोंदीवरून परत चालवून पाहिली. अंगावर काटा आला, खोटं कशाला लिहू. माणूस धक्क्यावर पाठमोरा उभा. एकही बटण दाबलेलं नाही. मधूनच नजर सावकाश फिरते आणि नावाड्याच्या चेहऱ्यावर येऊन थांबते. नावाड्याचे ओठ हलतायत. मग बराच वेळ काही नाही. मग पुन्हा ओठ हलतात.

आवाज मी लावला नाही. मी कधीच लावत नाही. आवाज असला की माझं डोकं चालत नाही. रुबेन त्यावरून मला ठार बहिरा म्हणायचा. जानेवारीपासून त्याला आणखी एक कारण आहे. खरे नट मिळेपर्यंत कच्चा आवाज आपलाच घालायचा अशी आमच्या धंद्यातली रीत, आणि नावाड्याचा कच्चा आवाज रुबेनचा आहे. तो ऐकायची माझी छाती नाही. बस्स.

ओठ उगाचच हलत राहतात हाही बग दिसतोय. लिहून ठेवला.

२७ जून, गुरुवार

धक्क्याच्या टोकाला कंदील लावला. नावेवर बाण काढला, पिवळा, डोळ्यांत भरणारा. हिमेनाने पाहिला आणि म्हणाली, “एवढं ढकलायचं कशाला? उभा राहू दे की कोणाला राहायचं असेल तर.” मी म्हटलं, उभं राहायला बसथांबे आहेत. बोलून गेलो आणि जीभ चावली.

 जरा वेळाने ती म्हणाली, “लिबेर, एकदा आवाज लावून बघ.” हे तिचं नेहमीचंच आहे.

२८ जून

बाण असूनही ठिपका तिथेच. कालचा तर आणखी मोठा.

काल पाऊस होता म्हणून दोन्या नेलिदाने तोर्ता फ्रिता, पावसात खायच्या जाड पुऱ्या, तळून आणल्या होत्या, शिवाय पास्कुआलिनाही होती. बाई हल्ली पास्कुआलिनात अंडी फार घालते. सुरीला पाला लागतच नाही, नुसती अंडी. शेजारच्या पोस्टमनने तिला चिडवलं, कोंबड्या पाळल्यास का म्हणून. ती हसली. जानेवारीनंतर पहिल्यांदा तिला हसताना पाहिलं.

५ जुलै

मला आता तो धक्का झोपेतही दिसतो. पाठमोरा माणूस, आणि मला ठाऊक असतं की तो वळला तर रुबेन असेल. तो वळत नाही. सकाळी उठून मान अवघडलेली असते, जणू मीच रात्रभर उभा होतो.

दिवसा काम करताना नावाड्याचे ओठ हलतात आणि मी दुसरीकडे बघतो. नावाड्याची मान तिरकी करून ऐकायची ढब रुबेनचीच आहे. हालचालही त्यानेच अंगाला तारा लावून करून दिली होती. मीच सांगितलं होतं, “तुझ्यासारखाच ठेव म्हाताऱ्याला, लोकांना आवडेल.” आता रोज सकाळी मशीन चालू केलं की तो माझ्याकडे मान तिरकी करून बघतो. मी काही बोलत नाही, तरी तो ऐकत असतो.

११ जुलै, गुरुवार

कडक उपाय केला. मिनिटभर कोणी नावेत चढलं नाही तर नावाडी दोर सोडतो आणि एकटाच निघून जातो. खेळ पहिल्यापासून सुरू करावा लागतो. आता बघू कोण उभं राहतं.

१२ जुलै

हात टेकले. कोणीतरी काल पुन्हा पुन्हा खेळ सुरू केला. धक्क्यावर उभं राहायचं, नाव निघून जायची, पुन्हा सुरुवात, पुन्हा उभं. दुपारभर हेच. नकाशावर एका ठिपक्यावर दुसरा असा ढीग साचलाय. चिकाटीला दाद द्यावी की डोकं आपटून घ्यावं तेच कळेना. असा कोण हट्टी आहे आपल्या वस्तीत? मला तो पोस्टमन वाटतो.

हिमेनाने न विचारता नाव निघून जायचं काढून टाकलं. विचारलं तर माझ्याकडे बघून म्हणाली, “तू खरंच एवढा दुष्ट आहेस की एवढा मूर्ख?” आणि बाहेर सिगारेट ओढायला गेली. ती सिगारेट सोडलेली बाई आहे.

सगळ्यांच्याच नसा ताणल्या आहेत. चोवीस तारीख जवळ येतेय.

१६ जुलै

सापडलं! इतके दिवस कंदील आणि बाण करत बसलो, आणि दोष आवाजात आहे. रुबेनचा आवाज कच्चा, कपाटात बसून घेतलेला. तो शब्द खात असणार. नावेत चढा हे लोकांना ऐकूच येत नसेल, म्हणून ते ऐकत उभे राहतात. खरा नट आला की स्पष्ट ऐकू येईल. प्रकाशकही कधीपासून नटासाठी मागे लागले आहेत. मीच टाळत होतो, नाटकाच्या तारखा, हे, ते. आता टाळायला जागा उरली नाही. खेळासाठी करायचंच.

मग हे लिहायला एवढा वेळ का लागावा? मी तर तो आवाज ऐकतही नाही.

३० जुलै

नट येऊन गेला. नाटकातला मुरलेला माणूस, आवाज खणखणीत. यादीतली नावाड्याची सगळी वाक्यं दोन तासांत उरकली. हिमेना रेकॉर्डिंगला आलीच नाही. डोकं दुखतंय म्हणाली.

कच्चे आवाज मी स्वतः पुसले, यादी समोर ठेवून, एकेक करून. जुन्या आवृत्त्या आणि त्यांच्या प्रतीही पुसल्या. मागच्या खेळात एक कच्ची ओळ राहून गेली होती, राजवाड्यातली राणी मध्येच रुबेनच्या आवाजात ओरडायची, “इथे काहीतरी बरं लिहा!” लोकांनी वर्षभर आमची टर उडवली. तसं पुन्हा नको.

पुसून झाल्यावर खाली गेलो आणि चावीवाल्याकडे उगाचच एक चावी करून घेतली. कशाची ते आता आठवत नाही. खिशात आहे.

१ ऑगस्ट, गुरुवार

जिंकलो. धक्का मोकळा! ठिपका नावाला नाही. एकजण दोनतीन मिनिटं थांबला असेल, मग त्याने खेळच बंद केला. बाकी सगळे सरळ नावेत चढून पलीकडे. म्हणजे आवाजच होता. प्रकाशकांना लगेच कळवलं, त्यांनीही शाबासकी दिली.

दोन्या नेलिदा आज लवकर गेली. हेडफोनची तार नीट गुंडाळून ठेवली होती. मी आवरताना पाहिलं, खुर्चीवरची उशीही ती घेऊन गेलीय. धुवायला नेली असेल.

८ ऑगस्ट, गुरुवार

धक्का मोकळा. दोन्या नेलिदा आली नाही. थंडी फार आहे, वारा समुद्रावरून सरळ हाडांत शिरतो. पास्कुआलिना नव्हती म्हणून पोस्टमन लवकर निघून गेला.

हिमेना माझ्याशी फक्त कामापुरतं बोलते.

१५ ऑगस्ट, गुरुवार

आजही आली नाही. फोन करावा असं मनात आलं. मग काय बोलणार, म्हणून राहिलं.

१९ ऑगस्ट

आज सकाळी प्रकाशकांच्या तपासणीतून एक बग आला. जसा आला तसा उतरवतो: “धक्क्यावर दहा मिनिटांहून अधिक वेळ काही न करता उभं राहिल्यास नावाडी वेगळ्याच माणसाच्या आवाजात बोलू लागतो. अंडी वगैरेंबद्दल बोलतो. गंभीर. ताबडतोब काढावे.”

मला कळेना. कच्चं सगळं मी स्वतः पुसलं होतं, यादी समोर ठेवून. यादीतलं. यादीत नसलेलं कसं पुसणार?

हेडफोन कानाला लावले. तार हिमेनाने लावून दिली. धक्क्यावर गेलो आणि उभा राहिलो. आधी नटाचा खणखणीत आवाज, नावेत चढा साहेब, भरती येतेय. मी चढलो नाही. मग बराच वेळ नुसतं पाणी. आणि मग माझ्या कानात रुबेन बोलला.

“अजून उभाच? राहा. घाई कोणाला आहे?”

मी टेबलाची कड धरून बसलो. पुन्हा पाणी. मग तो हळू आवाजात, कोणीतरी ऐकेल अशा बेताने म्हणाला, “माझी आई पास्कुआलिना करते ना, तिच्यात अंडी कमी घालते. पाला स्वस्त पडतो. हे तिला कळलं तर आपली नाव बुडालीच म्हणून समज.”

असं कितीतरी. थांबलेल्या माणसाशी नावाड्याच्या गप्पा. कोणी न सांगता, कोणत्याही यादीत न घालता, तो कपाटात बसून बडबडत राहिलाय. बसथांब्यावरच्या बाया, फुटबॉल, त्याच्या बापाची टोपी. आणि पुढे कुठेतरी हे:

“लिबेर हे कधी ऐकणार नाही. तो ठार बहिरा आहे. म्हणून इथे सांगतो. खेळ चांगला झालाय. त्याला सांगू नका, डोक्यावर बसेल.”

मी हेडफोन काढले. हिमेना समोर उभी होती. ती म्हणाली, “मला वाटलं तुला ठाऊक आहे. ती काय ऐकत बसते ते तुला ठाऊक आहे, आणि तरी तू तिला हाकलतोयस असं वाटलं मला.”  खुर्ची, उशी, अंडी. मी नकाशावर मोठा होत जाणारा ठिपका पाहत होतो आणि बाण काढत होतो.

नावाड्याची पहिली वाक्यं, आल्या आल्या म्हणायची, ती गेली. ती मी पुसली. ती कुठेच नाहीत, हिमेनाने आज दिवसभर शोधलं.

२० ऑगस्ट

प्रकाशकांचा फोन. बग निघाला का? मी म्हटलं नाही. ते म्हणाले, वेळ कमी आहे. मी म्हटलं, निघणार नाही.  मग त्यांच्यातली एक बाई विचारू लागली की हा दुसरा आवाज कोणाचा. मी सांगितलं. आवाज चिरकला माझा, चिरकू दे. मी म्हटलं, तारीख पाळतो, बाकी सगळं तुमच्या मनासारखं करतो, पण हे काढायचं असेल तर खेळ तुमच्याकडे येणार नाही. हिमेना दारात उभी राहून ऐकत होती. तिचाही पगार त्यात होता. तिने मान डोलावली.

संध्याकाळी त्यांचं उत्तर आलं: तुम्हीच ठरवा. बगची नोंद बंद करताना कारण द्यावं लागतं. मी लिहिलं, “बग नाही. असंच हवं आहे.”

२४ ऑगस्ट, शनिवार

खेळ दुपारी बाहेर पडला. तो कसा चाललाय ते मी पाहिलं नाही. माझं जुनं मशीन मिठीत धरून बसने दोन्या नेलिदाकडे गेलो. जानेवारीनंतर त्या घरात पाऊल टाकलं नव्हतं. गल्लीत आत्तापासूनच गाणी लावली होती, शेजारच्या बाल्कनीत नवराबायको तीस वर्षांपूर्वीचे कपडे घालून नाचत होते. तिने दार उघडलं आणि आधी मशीनकडे, मग माझ्याकडे बघितलं.

मी म्हटलं, मला ठाऊक नव्हतं. ते तूच आहेस हे मला ठाऊक नव्हतं.

तिने मला स्वयंपाकघरात बसवलं. पाणी तापत ठेवलं. मग म्हणाली, “तो तिकडे माझ्या कपाटात बसून बोलायचा, कोटांमध्ये. तुमच्याकडे खाली चावीवाल्याचा आवाज येतो म्हणून. मला दारातून नुसती पुटपुट ऐकू यायची. काय बोलतोस रे, विचारलं तर म्हणायचा, काम. म्हटलं, जाऊन ऐकू तरी काय काम होतं ते.”

मी म्हटलं, मग मला सांगितलं का नाहीस?

“तू बाण लावलास ना,” ती म्हणाली. “आधी दिवा लावलास, मग बाण. मला वाटलं, पोरं सांगतायत, जा आता. मग नाव निघून जायला लागली. तेव्हा म्हटलं, बरोबर आहे त्यांचं, किती दिवस बसायचं. आणि मग तो दुसरा माणूस बोलायला लागला. तेव्हा मी उशी उचलली.”

मी तिथेच रडलो. लपवण्यासारखं काही उरलं नव्हतं. तिने माझ्या डोक्यावरून हात फिरवला, मग मला बाजूला सारून मशीन कुठे लावायचं ते दाखवलं.

खेळ सुरू केला. धक्का. बाण मी कालच पुसून टाकला होता, कंदील तेवढा राहू दिला, तो तिला आवडायचा म्हणे. नट त्याचं बोलून गप्प झाला. आम्ही थांबलो. ती अंडी सोलत बसली. मध्ये तिने विचारलं, “पलीकडे काय आहे?” मी म्हटलं, गाव आहे, घर आहे, तीन वर्षं तेच करत होतो. ती म्हणाली, “बघेन कधीतरी.”

मग रुबेन आला. राहा म्हणाला, घाई कोणाला आहे. तिने सोलणं थांबवलं नाही. थोड्या वेळाने तो पास्कुआलिनावर आला, अंडी कमी घालते म्हणाला. दोन्या नेलिदाने पडद्याकडे न बघता मान हलवली.

“आता घालते की रे,” ती म्हणाली.

२९ ऑगस्ट, गुरुवार

खेळ बरा चाललाय असं हिमेना सांगते. आता ठिपके जगभरातून येतात, नावाशिवाय. नियम रुबेनचाच ठेवला. लोक धक्क्यावरून भराभर पुढे जातात, त्यांचे ठिपके टाचणीएवढे. कोणीतरी कुठेतरी जरा थांबतं. बहुतेकांना तो आवाज कधीच ऐकू येणार नाही, आणि आला तरी तो कोणाचा ते कळणार नाही.

दुपारी नकाशा उघडून बसलो होतो. धक्क्यावर एक ठिपका आला आणि मोठा होऊ लागला. कोण ते मी शोधलं नाही. खेळ सुरू केला, आवाज लावला आणि नावेत चढलो नाही.

हिमेनाने मागून विचारलं, “काय करतोयस?”

मी म्हटलं, काही नाही, थांबलोय.

नकाशावर आता दोन ठिपके आहेत, एकमेकांना चिकटून.